बर्फबाईंचं शून्य

सकाळी साडेनऊला, मुलं यायच्या आधी, कॉलेजच्या उष्णतेच्या प्रयोगशाळेत एक काम ठरलेलं असायचं. तिथल्या सहायक बाई कॅन्टीनमधून बर्फ आणायच्या, जाड फडक्यात गुंडाळून तो फोडायच्या, काचेच्या मोठ्या भांड्यात भरून त्यात थोडं पाणी घालायच्या आणि कपाटातले सगळे थर्मामीटर एकदम त्यात उभे करायच्या. पाच मिनिटं कुणी बोलायचं नाही. मग चष्मा नाकावर ओढून एकेकाची हजेरी. ज्याचा पारा शून्यावर, तो कामाचा. जो अर्ध्या अंशाने वर किंवा खाली, त्याच्या गळ्यात चिठ्ठी: ‘बिघडले आहे’.

ही चिठ्ठी म्हणजे बाईंचा कायदा होता. बिघडलेली वस्तू लपवायची नाही, कपाटाच्या मागे सरकवायची नाही, चिठ्ठी लावून चारचौघांत ठेवायची. वस्तू दुरुस्त झाली की तीच चिठ्ठी उलटायची, मागे ‘दुरुस्त. तपासले.’ असं लिहायचं आणि खाली सही करायची. शेगडी असो, वजनकाटा असो, नाहीतर प्राचार्यांची खुर्ची असो. खुर्चीला चिठ्ठी लावली होती तेव्हा प्राचार्य दोन दिवस बोलत नव्हते, पण पडले तर नाहीत ना.

बर्फावरूनच मुलांनी त्यांचं नाव बर्फबाई ठेवलं होतं. नावं ठेवण्यात कॉलेजच्या मुलांचा हात कोण धरणार? बाईंच्या कानावर ते पहिल्याच वर्षी आलं आणि त्यांना ते मनातून आवडलंही. पण तसं दाखवलं तर मुलं नाव बदलतील, या भीतीने त्या अठ्ठावीस वर्षं कपाळाला आठ्या घालून फिरल्या.

दुसरी प्रसिद्धी त्यांच्या नजरेची. मुलांच्या प्रयोगवह्या आधी त्या बघायच्या, मग सर सही करायचे. वहीतले आकडे खरोखर मोजून लिहिलेत की घरी बसून रचलेत, हे बाईंना पान उघडताच कळायचं. ‘खरं वाचन डुलतं,’ असं त्या म्हणायच्या. खरा आकडा कधी थोडा वर जातो, कधी खाली येतो, एखाद्या वेळी उगाचच वेडावाकडा वागतो. रचलेला आकडा शहाण्या मुलासारखा रांगेत चालतो. अशा पानावर बाई लाल पेन्सिलीने लिहायच्या, ‘वाचन घेतलेले नाही’, की विषय संपला. सध्याचे विभागप्रमुख सर याच प्रयोगशाळेत विद्यार्थी होते तेव्हा त्यांच्याही वहीवर ही लाल ओळ उमटली होती. दर वर्षी नव्या मुलांना ते ही गोष्ट सांगायचे आणि बाई खिडकीतून बाहेर बघत उभ्या राहायच्या.

मग एका वर्षी प्रयोगशाळेतल्या वाफेच्या टाक्या, तांब्याची भांडी आणि थर्मामीटर सामानाच्या खोलीत गेले आणि त्यांच्या जागी भिंतीकडे तोंड करून मुलांचे तेवीस कॉम्प्युटर येऊन बसले, आणि एक बाईंच्या टेबलावर. सर म्हणाले, “बाई, हे तुम्हाला जमेल ना? नाहीतर ग्रंथालयात एक जागा आहे, बघा. तिथे निवांतही आहे.”

सर चांगल्या मनानेच म्हणाले होते, आणि बाईंना तेच जास्त लागलं. रागावून म्हणाले असते तर भांडता आलं असतं. नोकरीची दोन वर्षं उरलेली, आणि ती दुसऱ्यांची पुस्तकं रांगेत लावण्यात घालवायची? तोंडाने मात्र बाई म्हणाल्या, “न जमायला काय झालं?”

कशाच्या जोरावर म्हणाल्या, तर भाचीच्या. त्यांच्या भावाची मुलगी कॉलेजसाठी त्यांच्याकडे राहायला आली होती आणि याच विषयाच्या दुसऱ्या वर्षाला होती. स्वयंपाकघरातल्या टेबलावर भाचीचा जुना लॅपटॉप उघडला जायचा आणि आत्या एका बोटाने अक्षरं शोधत बसायच्या.

“आत्या, एवढं जोरात नको दाबूस, ती काय डोअरबेल आहे का?” भाची म्हणायची.

त्या बदल्यात आत्याने भाचीला आकड्यांचं डुलणं शिकवलं. मटार सोलून झाले की म्हणायच्या, “एक मूठ उचल, मोज. परत टाक. परत उचल.” बावीस, पंचवीस, एकवीस, तेवीस. मूठ तीच, मटार तेच, आकडा दर वेळी वेगळा, तरी फार लांब जात नाही. भाचीला हा खेळ इतका चढला की घरात मटार नसले तरी ती नुसते आकडे तोंडाने रचून दाखवायची आणि आत्याने ते खरे की खोटे हे ओळखायचं. सुरुवातीला आत्या दर वेळी ओळखायच्या. पुढे पुढे चुकायला लागल्या. तेव्हा दोघींना त्याचं हसूच आलं होतं.

घरातले तिसरे म्हणजे बाईंचे यजमान, भाचीचे आतोबा. ते फ्रीज दुरुस्त करायचे. बोलणं कमी आणि खिसे स्क्रूंनी भरलेले. बायकोच्या नोकरीबद्दल त्यांचं मत ठरलेलं होतं: “मी उष्णता एका जागेवरून उचलून दुसरीकडे टाकतो, तेव्हा लोक पैसे देतात. तू नुसती मोजतेस, तरी पगार मिळतो. नशीब लागतं.”

नव्या प्रयोगशाळेतला पहिला प्रयोग सरांनी स्वतः लिहून आणला. पडद्यावर एक पेटी. मधोमध भिंत, भिंतीला भोक. डाव्या बाजूला शंभर दाणे, उजवी बाजू रिकामी. ठोका पडला की कॉम्प्युटर मनाला येईल तो एक दाणा उचलतो आणि असेल त्या बाजूकडून पलीकडे टाकतो. पन्नास ठोके झाले की थांबतो, आणि डावीकडे किती दाणे उरले ते मुलांनी वहीत लिहायचं. मग तिथूनच पुढचे पन्नास ठोके, अशी वीस वाचनं. दाण्यांना कुणी सांगत नाही की बाबांनो, निम्मे निम्मे व्हा. तरी थोड्या वेळात दोन्हीकडे साधारण सारखी गर्दी होते आणि मग आकडा पन्नासच्या आसपास डुलत राहतो. गरम पाण्यात गार पाणी ओतलं की ते कोमट का होतं आणि परत आपोआप वेगळं का होत नाही, ते याच चालीने समजतं, असं सरांनी सांगितलं.

बाईंनी तो प्रयोग पहिल्यांदा बघितला आणि त्यांना उठवेना. अठ्ठावीस वर्षं त्या कोमट पाण्याचे अंश मोजत आल्या होत्या. आतमध्ये काय चाललंय ते आज दिसलं. आणि ते डुलत होतं! मुठीतल्या मटारांसारखं, अगदी तसंच. त्या दिवशी बाई कॉम्प्युटरशी मनाने सोयऱ्या झाल्या.

पण मंगळवारी प्रात्यक्षिक आणि सोमवारी बाईंपुढे एक पेच. तेवीसच्या तेवीस मशीन ठीक चालतात हे ओळखायचं कसं? प्रत्येक जण आपल्या लहरीने वेगळे आकडे दाखवणार. त्यातला बिघडलेला कोण आणि लहरी कोण? बाईंनी सरांचं लिखाण वरून खाली वाचलं. तिथे एक ओळ सापडली. खरं तर कॉम्प्युटरला स्वतःची लहर नसतेच. त्याला सुरुवातीला एक आकडा द्यावा लागतो. त्या आकड्यावरून तो पुढचं सगळं पाडत जातो. सरांनी तो आकडा घड्याळावरून घ्यायला सांगितला होता, म्हणून दर वेळी वेगळं. सुरुवातीचा आकडा तोच दिला, तर पुढचं सगळं तेच.

बाईंना बर्फाचं भांडंच सापडलं. त्यांनी घड्याळ काढून तिथे शून्य लिहिलं, तेवीसही मशीनवर. सगळी चालू केली. पन्नास ठोक्यांनी तेवीस पडद्यांवर एकच आकडा: सत्तर. मग छप्पन्न. मग चोपन्न. मग सेहेचाळीस. एकही मशीन चुकलं नाही. बाईंनी एकटीनेच टाळी वाजवली, यजमानांना फोन करून सांगितलं, दिवे मालवले आणि घरी गेल्या.

शून्य काढायचं राहून गेलं. थर्मामीटर तपासून झाले की बर्फातून बाहेर काढायचे असतात, हे त्या अठ्ठावीस वर्षांत एकदाही विसरल्या नव्हत्या. पण तिथे हात गारठायचे, आपोआप आठवण व्हायची. कॉम्प्युटरने हात गारठत नाहीत.

मंगळवारी दुपारी बाईंना सामानाच्या खोलीतल्या जुन्या वस्तूंची मोजदाद करायला बसवलं होतं, त्यामुळे प्रात्यक्षिकाला त्या नव्हत्या. तेवीस मुलं भिंतीकडे तोंड करून बसली आणि वीस-वीस वाचनं लिहून उठली. शेजारच्याचा आकडा आपल्यासारखाच आला म्हणून कुणी तक्रार करतं का? उलट हायसं वाटतं.

बुधवारी वह्या बाईंच्या टेबलावर आल्या. दुसरी वही उघडली आणि त्यांच्या कपाळावर खरी आठी पडली. तिसरी, चौथी, दहावी. सत्तर, छप्पन्न, चोपन्न, सेहेचाळीस. बावीस वह्यांत वीसच्या वीस आकडे तेच! कॉपी त्यांनी आयुष्यभर बघितली होती, पण कॉपी करतानाही कुणी एवढा आळशीपणा केलेला बघितला नव्हता. त्यांच्या अंगाचा तिळपापड झाला. बावीस पानांवर बावीस वेळा लाल पेन्सिल फिरली, मधे दोनदा टोक काढावं लागलं.

तेविसावी वही भाचीची. तिचे आकडे वेगळे होते. एकोणसत्तर, सत्तावन्न, त्रेपन्न, अठ्ठेचाळीस, पंचेचाळीस, एक्कावन्न. काय सुंदर डुलत होते! सबंध वर्गात एकटी पोर प्रामाणिक निघाली, आणि ती आपली. बाईंनी ते पान दोनदा वाचलं. मग वह्यांचा गठ्ठा सरांपुढे ठेवताना तीच वही वर ठेवली. माणूस आहे, ठेवणारच.

बाईंची नजर म्हटल्यावर सरांनी उलट प्रश्न विचारला नाही. गुरुवारी सकाळी वर्गात त्यांनी सांगून टाकलं: बावीस जणांना प्रात्यक्षिकाचे शून्य गुण, शुक्रवारी दुपारी एक वाजता यादी परीक्षा विभागात जाणार, आणि एकदा गेली की ब्रह्मदेव आला तरी बदलणार नाही. “एका मुलीचं मात्र कौतुक करायला हवं,” असं म्हणून त्यांनी भाचीकडे बघितलं. भाची खाली मान घालून बसली. दारात उभ्या असलेल्या बाईंना वाटलं, लाजली.

तास सुटल्यावर पहिल्या बाकावरची मुलगी बाईंसमोर येऊन उभी राहिली. ही बारीक चणीची, मोठ्या आवाजाची मुलगी एरवीही कुणाला घाबरत नसे.

“बाई, मी कुणाचंही बघितलेलं नाही.”

“सगळे असंच म्हणतात.”

“सगळे म्हणत असतील. मी खरं म्हणतेय. शून्य मिळालं तर माझं वर्ष जाईल, बाई. तुम्ही माझ्यासमोर माझं मशीन चालवून बघा. एवढंच करा.”

बाईंना खरं तर नाही म्हणायचं होतं. पण एखाद्याने समोर मोजून दाखवा म्हटलं तर नाही म्हणणं त्यांच्या रक्तात नव्हतं. दुपारी जेवणाच्या सुट्टीत दोघी प्रयोगशाळेत गेल्या. मशीन चालू झालं. पन्नास ठोके.

सत्तर.

मग छप्पन्न. मग चोपन्न.

बर्फाला हात न लावता बाईंचे हात गार पडले. त्यांनी खुर्ची ओढली आणि बसल्या. शेजारचं मशीन चालू केलं: सत्तर. त्याच्या शेजारचं: सत्तर. पडद्यावर ती ओळ उघडली आणि त्यांनी सोमवारी लिहिलेलं शून्य तिथे शांतपणे बसलेलं दिसलं.

“पोरी,” त्या म्हणाल्या, “तू खरी आहेस. सगळेच खरे आहात. चूक माझी आहे. उद्या सगळ्यांसमोर सांगते.”

मुलीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं, पण तिची जीभ काही गप्प बसायची नाही. जाता जाता दारातून म्हणाली, “पण मग बाई, एकटीचेच आकडे वेगळे कसे आले?”

“दुसऱ्यांदा चालवलं असेल,” बाई म्हणाल्या. ते शक्य होतं. मशीन बंद न करता पुन्हा चालवलं तर पुढची लहर वेगळी निघते. बाईंनी तो विचार मनात घट्ट धरला आणि सरांच्या टेबलावरच्या गठ्ठ्यातून भाचीची वही काढून पिशवीत टाकली.

सर बाहेरगावी बैठकीला गेले होते, उद्या सकाळीच भेटणार होते. संध्याकाळी घरी आल्यावर बाईंनी यजमानांना सगळं सांगितलं, पण दाण्यांचा प्रयोग काही त्यांच्या डोक्यात शिरेना. भाची टेबलाच्या टोकाला पुस्तक उघडून बसली होती आणि मघापासून एकच पान वाचत होती.

“थांब, मला हाताने करू दे,” यजमान म्हणाले. त्यांनी खिशातून दहा स्क्रू काढले, दोन डब्यांची झाकणं घेतली आणि दहाही स्क्रू डाव्या झाकणात टाकले. “एकेक उचलायचा आणि पलीकडे टाकायचा, एवढंच ना? हा एक. नऊ राहिले. हा दुसरा. आठ. आता यातला परत इकडे. नऊ. परत तिकडे. आठ.” ते रमले. थोड्या वेळाने म्हणाले, “गंमत बघ. दोन वेळा हलवा, चार वेळा हलवा, सहा वेळा हलवा, डावीकडे आकडा समच राहतो. विषम येतच नाही. एका वेळी एकच हलतो म्हटल्यावर येणार कुठून?”

“मग?” बाई म्हणाल्या.

“मग काही नाही. तुमचे शंभर दाणे, पन्नास ठोके. शंभर सम, पन्नास सम. म्हणजे सगळ्यांची वाचनं समच असणार.” त्यांनी समोरची वही सहज ओढून उघडली. “हे त्रेपन्न कुठून आलं गं?”

बाईंनी वही आपल्याकडे वळवली. एकोणसत्तर, सत्तावन्न, त्रेपन्न, पंचेचाळीस, एक्कावन्न. ज्या नजरेपुढे अठ्ठावीस वर्षं कुणाची डाळ शिजली नव्हती, त्या नजरेने आकड्यांचं डुलणं बघितलं होतं आणि आकडेच बघितले नव्हते. बावीस वह्यांतले आकडे सगळे सम होते. ही वही एकटी खोटी होती, आणि बाईंनी तीच गठ्ठ्याच्या वर ठेवली होती.

यजमानांना आपण काय बोलून बसलो ते उशिरा कळलं. ते स्क्रू खिशात भरत उठले आणि एका बिघडलेल्या फ्रीजची आठवण झाल्यासारखं करून बाहेर गेले.

“मशीन बंद पडलं होतं, आत्या,” भाची म्हणाली. तिचा आवाज चिरका झाला होता. “कोपऱ्यातलं. प्रयोग चालूच होईना. सगळे दाणे डावीकडे, हलतच नव्हते.”

“मग सांगायचं नाही का?”

“कुणाला? सर तिथेच होते. ते सगळ्यांसमोर म्हणाले असते, बाईंना मशीन नीट लावता आलं नाही. तुला ग्रंथालयात पाठवलं असतं. तू रात्री आतोबांना म्हणत होतीस ते मी ऐकलंय.” ती रडायला लागली. “म्हणून मी लिहून टाकलं. मटारासारखं. मला वाटलं, कुणाला कळणारही नाही. आणि मग सर माझंच कौतुक करायला लागले. मला जमीन दुभंगेल तर बरं असं झालं होतं.”

बाईंना राग यायला हवा होता. आलाही, थोडा. पण त्याहून जास्त काही तरी भरून आलं आणि त्यांना ते आवरेना. त्यांनी भाचीला जवळ ओढलं आणि तिच्या पाठीवर दोन धपाटे घातले, एक रागाचा आणि एक मायेचा. दोन्ही सारख्याच जोराचे होते.

“शहाणे, मला वाचवायला निघालीस! बंद पडलेल्या वस्तूचं काय करायचं असतं?”

“चिठ्ठी लावायची असते,” भाची हुंदके देत म्हणाली.

“आणि?”

“चारचौघांत ठेवायची असते.”

“हं. तोंड धू जा.”

लाल पेन्सिल पिशवीतच होती. बाईंनी ती काढून वहीजवळ ठेवली, पण पानावर काही लिहिलं नाही. सकाळी उठल्या तेव्हा पानावर लाल अक्षरात ‘वाचन घेतलेले नाही’ लिहिलेलं होतं. अक्षर भाचीचं होतं.

शुक्रवारी दहा वाजता सर आले ते थेट प्रयोगशाळेत. बाईंनीच तसा निरोप ठेवला होता. तेवीस मुलं जमली होती. बावीस जणांचे चेहरे उतरलेले आणि तेविसावीचा त्यांच्याहून जास्त. बाईंनी आधी कोपऱ्यातल्या मशीनला चिठ्ठी लावली: ‘बिघडले आहे’. मग तशीच दुसरी चिठ्ठी काढली आणि आपल्या टेबलाला, स्वतःच्या खुर्चीसमोर चिकटवली. मागून कुणीतरी हसलं आणि लगेच गप्प झालं.

“सर, या मुलांनी कॉपी केलेली नाही,” बाई म्हणाल्या. उभं राहूनच बोलल्या, आणि एका दमात. बर्फाचं भांडं, सोमवारचं शून्य, ते काढायचं राहिलं ते, सगळं. “मी न विचारता बावीस पोरांना चोर ठरवलं. मशीन चालवून बघितलं असतं तर दोन मिनिटांत कळलं असतं. मी चालवलं नाही, नुसतं वहीत बघितलं. म्हणजे वाचन मीच घेतलेलं नाही.”

सरांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. त्यांनी खिशातली यादी काढली, तिच्याकडे बघितलं, घड्याळाकडे बघितलं. “एक वाजता ही गेली असती, बाई.”

“हो.”

“मग कुणाच्याच हातात काही राहिलं नसतं.”

“हो, सर.”

तेवढ्यात भाची उभी राहिली. तिच्या हातात वही उघडी होती, लाल ओळ सगळ्यांना दिसेल अशी. “सर, माझी वाचनं खोटी आहेत. माझं मशीन बंद होतं. मी सांगितलं नाही, तिथेच बसून रचली.” मग घाईघाईने म्हणाली, “आणि ती समही नाहीत.”

सरांना ते सम-विषम कळायला एक क्षण लागला. कळलं तेव्हा त्यांनी फळ्यावर शंभर लिहिलं, खाली पन्नास लिहिलं, कपाळावर हात मारला आणि हसू लागले. “मीच लिहिलाय हा प्रयोग! आणि हे माझ्याही लक्षात आलं नाही. कुणाच्या लक्षात आलं हे?”

“आमच्या यजमानांच्या. ते फ्रीज दुरुस्त करतात,” बाई म्हणाल्या.

आता ग्रंथालयाचं नाव निघणार, असं बाईंना वाटलं. ऐकायची तयारी करूनच त्या आल्या होत्या. रात्री मनाशी ठरवलंही होतं की काही बोलायचं नाही, डबा घ्यायचा आणि जायचं. सरांनी यादी चार तुकडे करून टोपलीत टाकली. म्हणाले, “तेवीस मशीन एकाच वेळी तपासायची तर असंच करायला हवं होतं, आणि ते मला सुचलं नव्हतं. शून्य घालायला विसरू नका, बाई. फक्त काढायलाही विसरू नका.” मग भाचीकडे वळून, “तुझे दोन गुण कापणार. आणि आता सगळ्यांनी प्रयोग पुन्हा करा. एक वाजायच्या आत.”

बाईंच्या जिवात जीव आला. त्या खाली बसल्या आणि उगाचच टेबलाचा खण उघडून बंद केला.

प्रयोग पुन्हा झाला. सुरुवातीचा आकडा या वेळी ज्याचा त्याने द्यायचा होता. कुणी हजेरी क्रमांक दिला, कुणी जन्मतारीख, एकाने आपल्या बुटाचा नंबर. भाची बाईंच्या टेबलावरच्या मशीनवर बसली. पहिल्या बाकावरच्या मुलीने शून्य दिलं.

“अगं, ते कशाला परत?” बाई म्हणाल्या.

“माझी वाचनं खरी होती, बाई. मी तीच ठेवणार,” ती म्हणाली. तिला पुन्हा सत्तर मिळाले, आणि छप्पन्न, आणि चोपन्न. तिने जुन्या पानावरची लाल ओळ दाखवली. बाईंनी खोडरबर घेऊन ती स्वतः खोडली, आणि मग उरलेल्या एकवीस वह्यांवरच्याही.

बाकीच्या पडद्यांवर जो तो आपल्या वाटेने गेला. कुणी बहात्तरवर, कुणी चौसष्टवर, आणि थोड्या वेळाने सगळे पन्नासच्या आसपास येऊन डुलू लागले. बाई मुलांच्या मागून फेऱ्या मारत होत्या. भाचीच्या मागे त्या जरा जास्त वेळ थांबल्या आणि तिचे वीसही आकडे एकेक करून वाचले.

“सगळे सम आहेत, आत्या,” भाची हळूच म्हणाली.

“मला बघू दे,” आत्या म्हणाल्या, आणि शेवटपर्यंत बघितलं.

पावणेएकला गुणांची नवी यादी घेऊन त्या परीक्षा विभागात गेल्या. तिथल्या कारकुनाने घड्याळ दाखवलं, बाईंनी त्याला आपलं दाखवलं. परत आल्या तेव्हा प्रयोगशाळा रिकामी झाली होती. खुर्च्या आत सरकवलेल्या होत्या, हे एक नवलच. कोपऱ्यातल्या मशीनवरची चिठ्ठी तशीच होती. त्याला अजून दुरुस्त करायचं होतं. त्यांच्या टेबलावरची चिठ्ठी मात्र कुणीतरी काढून उलटी चिकटवली होती.

वर लिहिलं होतं, ‘दुरुस्त. तपासले.’ खाली सह्या होत्या, जागा पुरली नाही म्हणून कडेने वर चढत गेलेल्या. बाईंनी चष्मा नाकावर ओढला आणि सवयीने एकेक सही बघितली. तेवीस होत्या, आणि एकही दुसरीसारखी नव्हती.